कप्तानाची साक्ष

“बाई, यादवी युद्धात तुमचा नवरा मेला, हे डोळ्यांनी पाहिलेला कुणी साक्षीदार आहे?” न्यायाधीश प्रेस्कॉट यांनी विचारलं.

“नाही, साहेब,” लविनिया म्हणाली. साक्षीदाराशिवाय ती विधवा ठरत नव्हती, आणि विधवा ठरल्याशिवाय तिला दुसरं लग्न करता येत नव्हतं.

प्रेस्कॉट यांनी थकून डोळे मिटले. युद्धात ते कप्तान होते, आणि तिचा नवरा त्यांच्याच तुकडीत होता. लढाईच्या आदल्या पहाटे बंदूक टाकून घराच्या दिशेने नदी ओलांडताना तो त्यांना दिसला होता. पळपुट्याला गोळी घालायचा हुकूम होता. पण मरणं बघून बघून कप्तान प्रेस्कॉट यांचा जीव विटला होता. त्यांनी मान फिरवली. पुढे तो जगला की मेला, कुणालाच कळलं नाही.

“साक्षीदार मी आहे. माझ्या डोळ्यांदेखत पडला तो,” असं म्हणून त्यांनी निकालावर सही केली.

बाहेर लविनियाने त्यांना गाठलं. “शेवटी फार हाल झाले का हो त्यांचे?”

“नाही, बाई. घराकडे तोंड होतं त्याचं.”

तिने डोळे पुसले. निदान एवढं तरी खरं सांगता आलं, असं मनाशी म्हणत प्रेस्कॉट सावकाश पायऱ्या उतरले.