गल्लीतलं पिंप

कार्मेलोने अर्धं कापलेलं लोखंडी पिंप नेव्हिलच्या अंगणात आणून आपटलं. “घे, नेव्ह. मला वाटलं होतं, हे माझ्याच गॅरेजात गंजून मरणार.”

त्या गल्लीची रीतच तशी होती. ज्याचं घराचं कर्ज फिटेल त्याने कर्जाचे कागद या पिंपात जाळायचे, शेजाऱ्यांना सासेज आणि बीअर द्यायची आणि पुढच्याची पाळी येईपर्यंत पिंप सांभाळायचं. कार्मेलोनंतर मात्र बरीच वर्षं कुणाची पाळीच आली नव्हती. ऑस्ट्रेलियातल्या वोलाँगाँग शहराच्या त्या चढावर घरांना मजले चढले, दारात नव्या गाड्या आल्या, पिंप जागचं हललं नाही. असं का, याचा विचार कुणी केला नाही. नोलीन मात्र गेले आठ दिवस तोच करत होती.

तिच्या नवऱ्याला, नेव्हिलला, विचार करायची गरज वाटत नव्हती. तीस वर्षांचं कर्ज, तीस वर्षं झाली, गुरुवारी गेला तो हप्ता शेवटचा. काल त्याने बस डेपोतली नोकरीही सोडली. डेपोतल्या दोस्तांनी त्याला मासेमारीचा गळ भेट दिला. दारात कॅरव्हॅन, गाडीमागे ओढायचं चाकांवरचं घर, धुऊनपुसून उभी होती. सोमवारी दोघं उत्तरेकडे निघणार होते, परतायची घाई नव्हती.

“जाळायच्या आधी ब्रेटला एकदा विचार,” नोलीन म्हणाली.

“परत तेच. हप्ता वेळच्या वेळी जात होता की नाही?”

“जात होता.”

“मग झालं तर. तू कांदा बघ, करपतोय.”

तिने कांदा परतला. गुडघे ठणकत होते. वृद्धाश्रमात चादरी बदलून बदलून ते कामातून गेले होते, आणि तिनेही सोमवारपासून येत नाही म्हणून सांगून टाकलं होतं. आता सुखाचे दिवस यायचे. पण ती उभी होती तो लाकडी ओटा घरावर टाकलेला, म्हणजे त्याचा खर्च घराच्या कर्जात वाढवलेला होता. कॅरव्हॅन घरावर टाकलेली होती. मुलीचं लग्न, त्याआधीची गाडी, तीही घरावरच. ‘घरावर टाकू’ हे नेव्हिलचं सगळ्या गोष्टींना उत्तर होतं. मग ब्रेट यायचा. हा कर्ज जुळवून देणारा एजंट, नेव्हिलबरोबर फुटबॉल खेळलेला, स्वभावाने लाघवी. तो कमी व्याजाची नवी बँक शोधायचा, जुनं कर्ज तिकडे हलवायचा, त्यात नवा खर्च मिसळायचा आणि म्हणायचा, “हप्ता तेवढाच राहील.” हप्ता तेवढाच म्हटल्यावर पुढचं कोण विचारतो? फुकट ते पौष्टिक. कॅरव्हॅनच्या वेळी तर स्वयंपाकघरात बसून बँकेचे प्रश्न वाचून दाखवताना ब्रेटने अशी धमाल केली होती की हसता हसता नोलीनला चहाचा ठसका लागला होता.

कार्मेलोने काडी ओढली. निलगिरीच्या वाळक्या फांद्यांनी लगेच पेट घेतला. तेवढ्यात बाजूच्या फाटकातून ब्रेट आला, काखेत बीअरचं खोकं.

“काय रे, कुणाचा वाढदिवस?”

“आमचा,” नेव्हिल म्हणाला. “कर्ज संपलं. ये, तुझ्याच हातून पहिला कागद टाकू.”

ब्रेटने खोकं खाली ठेवलं नाही. “कुठलं कर्ज?”

“कुठलं म्हणजे? घराचं. तीस वर्षं झाली की.”

ब्रेट पिंपाकडे बघत राहिला. नोलीनने चिमटा खाली ठेवला.

“नेव्ह,” तो हळूच म्हणाला, “आपण बँक बदलली की दर वेळी तीस वर्षं पहिल्यापासून धरली. म्हणून तर हप्ता तेवढाच राहायचा.”

नेव्हिल हसला. त्याला ही ब्रेटची नेहमीची मस्करी वाटली. मग त्याचं हसू विरलं. “मग आता किती राहिली?”

“सव्वीस.”

नेव्हिलला एकसष्ट पूर्ण झाली होती. कार्मेलो बोटांवर मोजायला लागला आणि मध्येच थांबून त्याने हात खिशात घातले. “आणि मुद्दल?” त्याने विचारलं.

“घर घेतलं तेव्हा होतं, त्याहून जास्तच आहे.”

“मग तीस वर्षं हा भरत काय होता?”

“व्याज. बहुतेक सगळं व्याजच.”

नेव्हिल कागद हातात धरून कॅरव्हॅनच्या पायरीवर बसला. नोलीनला त्याचा राग आला, आणि त्याहून जास्त स्वतःचा. शंका तिला आली होती, तरी ती कांदाच परतत बसली. पण तीन वर्षं नाही, पाच नाही, सव्वीस. बँक काय खुळी आहे? कुठेतरी चूक असणार, या आशेवर ती ब्रेटसमोर जाऊन उभी राहिली.

“सत्त्याऐंशी वर्षांचा म्हातारा हप्ते भरणार होता का? एवढ्या वयाच्या माणसांना कर्ज दिलंच कसं त्यांनी?”

“विचारलं होतं ना त्यांनी,” ब्रेट म्हणाला. “पगार थांबला की फेडणार कसं, हा प्रश्नच होता. उत्तर तूच दिलंस, नोलीन. मी ते तसंच लिहिलं.”

“काय दिलं मी उत्तर?”

ब्रेटने एकदा तिच्याकडे आणि एकदा तिच्यामागच्या स्वयंपाकघराच्या खिडकीकडे पाहिलं.

“‘घर विकू,’ म्हणालीस. आणि मग तुला ठसका लागला.”