दार उघडणारी बाई

तिनं जन्मभर सिनेमात दारंच उघडली. कधी मोलकरीण म्हणून, कधी शेजारीण. "हीरोला घरात घेतं कोण? मीच ना!" असं ती हसून म्हणायची.

ती गेल्यापासून तिचा नवरा रोज दुपारी टीव्हीवर तिचा एकच सिनेमा लावायचा. हीरो कडी वाजवायचा आणि ती "आले हं, आले!" म्हणत दार उघडायची. तेवढीच नवराबायकोची भेट.

आज हीरोनं कडी वाजवली, पण दार उघडलंच नाही. त्यानं पुन्हा वाजवली. मग तो थापा मारू लागला.

म्हातारा टीव्हीजवळ सरकला. "अगं, उघड की!"

"आले हं, आले!"

आवाज स्वयंपाकघरातून आला. टीव्हीतला हीरो हात खाली सोडून गप्प उभा होता. थापा आता म्हाताऱ्याच्याच दारावर पडत होत्या.