चार कोपऱ्यांची फुलं

"नागडी आहे तुझी फिल्म," रोजामावशी गोधडीत सुई खुपसत म्हणाली.

जुजे चपापला. मुंबईच्या सिनेमात त्याला कायम आफ्रिकन गुंडच करायला लावत. मूळ आफ्रिकी वंशाच्या आपल्या सिद्दी वस्तीवरची ही फिल्म मात्र त्यानं स्वतः केली होती. जमिनीच्या हक्कासाठी उद्या मोर्च्यात ती दाखवायची, म्हणून आज आधी वस्तीला दाखवली.

"चारी कोपऱ्यांना कापडी फुलं लावल्याशिवाय, अशी नागडी गोधडी कुणाला देतात का रे? तू नुसतं रडणं जोडलंस. आम्ही हसत नाही काय, गुंडा?"

सगळी वस्ती खदाखदा हसली. हसता हसता जुजेनं कॅमेरा सुरू केला.

मोर्च्यात फिल्म त्या हसण्यावर संपली. मग पडद्यावर नावं आली. शेवटचं होतं:

फुलं: रोजामावशी