चौकटीतला बाप

एक पोस्टमन. बुडालेला कोळी. अकरा हवालदार. मुलीला स्टेशनवर सोडायला आलेले सात बाप. चाळीस वर्षांत मोरिवाकीने जपानी सिनेमात एवढे सगळे निभावले, आणि त्याच्यामुळे दुसरा टेक कधी घ्यावा लागला नाही.

या वेळी त्याचा फक्त फोटो हवा होता. मेलेल्या बापाचा, काळ्या चौकटीतला, एकाच प्रसंगापुरता. तरी तो सेटवर येऊन बसला होता.

फोटोसमोर नव्या नायिकेला रडायचं होतं. बारा टेक झाले, डोळे कोरडेच. दिग्दर्शक वैतागला. "हा प्रसंगच काढून टाका!"

म्हणजे फोटोतला मोरिवाकीही सिनेमातून गेला. तो उठला. "कॅमेरा फक्त हिच्या चेहऱ्यावर ठेवा. चौकटीतला फोटो काढून ठेवा, तिथे मी बसतो."

"पण मग तुम्ही सिनेमात दिसणारच नाही, मोरिवाकीसान," दिग्दर्शक म्हणाला.

"बाप पडद्यावर कशाला हवा? पोरीच्या तोंडावर दिसला की झालं."

तो रिकाम्या चौकटीमागे गुडघे मोडून बसला. कॅमेरा सुरू झाला. मेलेल्या बापाने हनुवटी किंचित उचलली. जेवलीस का, असं घरातला बाप विचारतो तशी. पोरीने नकारार्थी मान हलवली आणि तिला जो हुंदका फुटला तो थांबेचना.

दिग्दर्शकाला "कट" म्हणायचं सुचेना. शेवटी मोरिवाकीच म्हणाला, "झालं. आता खरंच जेवून घे, पोरी."

चौकटीसाठी त्याचा फोटो काढला, त्या दिवशी त्याने दोनदा दाढी केली होती.