नगराध्यक्षांसाठी राखीव

पालिकेचं नाट्यगृह बांधलं तेव्हाच पहिल्या रांगेत नगराध्यक्षांसाठी एक सोफा राखून ठेवला होता. चाळीस वर्षांत एकही नगराध्यक्ष नाटकाला फिरकला नाही, त्यामुळे सोफ्यावरचं प्लास्टिक अजून तसंच होतं. नट केंजळ्यांची मात्र त्यात सोय झाली होती. राज्य गमावलेल्या राजाचं स्वगत ते त्या रिकाम्या सोफ्याकडे बघून म्हणायचे. समोर कुणी नसलं की त्यांना रडू छान यायचं.

"केंजळे, आज स्वगताला टाळी पडली नाही, तर हा शेवटचा प्रयोग," निर्माते विंगेतून कुजबुजले.

केंजळे गुडघ्यांवर बसले, सोफ्याकडे वळले आणि गार पडले. सोफ्यावर चक्क नगराध्यक्ष ढोणेबाई बसल्या होत्या. पण आता माघार कुठली घेणार? केंजळ्यांनी हात जोडले आणि टाहो फोडला, "माझं राज्य मला कोण परत देईल?"

प्लास्टिक करकरलं. बाई उभ्या राहिल्या. हात जोडून आलेल्या माणसाला त्यांनी आजवर आश्वासनाशिवाय परत पाठवलं नव्हतं.

"रडू नका हो काका. मी स्वतः लक्ष घालते. महिन्याभरात राज्य मिळून जाईल तुम्हाला."

नाट्यगृह टाळ्यांनी दणाणलं. केंजळे तर इतके भारावले की राजा असूनही त्यांनी बाईंना मुजरा घातला.

नाटक वाचलं. पुढच्या प्रयोगाच्या जाहिरातीत ढोणेबाईंचं नाव सगळ्यात वर होतं. केंजळे 'आणि इतर कलाकार' मध्ये गेले.