आठ वाजताचा अंधार

“सकाळी आठ वाजता अंधार होता, हे विश्वासार्ह वाटत नाही.” सुनेत्रानं नकाराच्या पत्रातलं वाक्य तिसऱ्यांदा मोठ्यानं वाचलं आणि चष्मा डोक्यावर सरकवला.

ईशितानं खिडकीकडे पाहिलं. एडिनबरात सव्वाआठ वाजले होते, डिसेंबर होता आणि बाहेर अजून उजाडलं नव्हतं. पत्र लिहिणाऱ्या साहेबानं ते बहुधा दुपारी लिहिलं असावं. हे बोलून दाखवायचा मोह तिनं आवरला. सुनेत्रामावशी आईची मैत्रीण असली तरी या वकिली ऑफिसात बॉस होती, आणि ईशिताला ट्रेनी म्हणून लागून जेमतेम दोन महिने झाले होते.

टेबलापलीकडे त्सेतेन बसला होता. पंचेचाळिशीचा माणूस, टोपी दोन्ही हातांत घट्ट धरलेली. त्याचं गाव तिबेटमध्ये, नेपाळच्या सीमेला लागून. ब्रिटनमध्ये आश्रय मिळावा म्हणून त्यानं अर्ज केला होता. मुलाखतीत तो म्हणाला, डिसेंबरात घरातून सकाळी आठला निघालो, अंधार होता, चांदण्या होत्या. अधिकाऱ्यानं जवळचं मोठं शहर म्हणून काठमांडूचा सूर्योदय शोधला. तिथे सूर्य सातच्या आत उगवत होता. झालं, माणूस खोटारडा ठरला. तिबेटचा नाहीच, नेपाळच्या बाजूचा असणार, तेव्हा त्यानं तिकडेच जावं.

अपिलाचा जबाब बाराच्या आत पाठवायचा होता आणि दुभाषी दहाला येणार होता. तोवर सुनेत्राची पुणेरी हिंदी आणि त्सेतेनची बाजारात शिकलेली, नेपाळी वळणाची हिंदी, एवढ्यावर भागवायचं होतं.

“मॅडम, पाच लिहा,” तो अजिजीनं म्हणाला. “त्यांना अंधाराची वेळ हवी ना? मग पाच.”

“अहो, त्यांना हवं ते लिहून कसं चालेल? आता बदललंत तर आधी खोटं बोललात असं होईल.” मग ती ईशिताकडे वळून मराठीत म्हणाली, “भाषांतरात चूक झाली असं टाकू आणि मोकळे होऊ. तुला दुसरं काही सुचतंय?”

ईशिताला एक गोष्ट राहून राहून खटकत होती. खोटं बोलणारा माणूस निदान पटेलसं तरी खोटं बोलतो. सकाळी आठच्या चांदण्या कोण कशाला रचेल?

“मावशी, त्याला विचारा ना, गावात तो दुपारचं जेवण किती वाजता करायचा?”

“जेवणाचं काय मधेच?”

“जस्ट विचारा. प्लीज.”

सुनेत्रानं विचारलं.

“दोनला,” त्सेतेन म्हणाला. “ऊन बरोबर डोक्यावर आलं की.”

“आणि शाळा?” ईशितानं पुढचा प्रश्न पुरवला.

“नऊला. थंडीत दिवे लावून.”

“दोनला ऊन डोक्यावर?” सुनेत्रा चक्रावली. पुण्यात ऊन साडेबाराला डोक्यावर येतं, आणि जगात सगळीकडे साधारण तेव्हाच येत असणार, असा तिचा आजवरचा समज होता.

ईशिता फोनवर काहीतरी शोधत होती. ती एकदम ताठ बसली. “काठमांडूमध्ये आत्ता दोन पाच झालेत. आणि ल्हासामध्ये चार वीस! मावशी, बॉर्डरच्या दोन साइडला टाइम वेगळा आहे. सगळ्या चायनाला एकच टाइम, बीजिंगचा!”

बीजिंग एवढा शब्द त्सेतेनला कळला आणि तो चक्क हसला. “मग! सीमेवरच्या पुलापलीकडचा नेपाळी व्यापारी त्याच्या पावणेबाराला यायचा, मी माझ्या दोनला पोचायचो. दोघंही वेळेवर! पूल ओलांडून गेलं की सव्वादोन तास परत मिळायचे.”

“आणि हे तुम्ही मुलाखतीत सांगितलं नाहीत?”

“कुणी विचारलंच नाही.”

सुनेत्रानं बोटांवर हिशेब केला. आठातून सव्वादोन गेले, पावणेसहा. “डिसेंबरात पावणेसहा! अंधारच की गं! आणि नेपाळच्या बाजूचा असता तर हा आठ म्हणालाच नसता.” तिनं ईशिताच्या पाठीत जोरात थाप मारली. “कार्टे, जिंकलीस! घे, टाइप कर. ‘आमच्या गावची वेळ बीजिंगप्रमाणे असल्यामुळे...’”

नियमाप्रमाणे वाक्य त्सेतेनला हिंदीत सांगणं भाग होतं. सुनेत्रानं सांगितलं. त्याचं हसू मावळलं.

“हे नका लिहू.”

“अहो, याच वाक्यावर तुम्हाला इथे राहता येणार आहे!”

“बीजिंगची वेळ लिहा. पण आमच्या गावची वेळ म्हणू नका.” त्यानं टोपी टेबलावर ठेवली. “ते घड्याळ चिनी चौकीवर होतं, शाळेत होतं. मी शाळेत गेलो, मला त्याची सवय लागली. माझे वडील शेवटपर्यंत त्या घड्याळावर उठले नाहीत. त्यांना हे वाक्य मी काय तोंडानं सांगू?”

सुनेत्रानं घड्याळाकडे पाहिलं. तिला त्याचा राग आला होता, आणि राग आल्याची लाजही वाटत होती. बाराला साडेतीन तास होते.

ईशितानं लिहिलेलं वाक्य पुसलं. मग आपल्या मोडक्यातोडक्या हिंदीत तिनं स्वतःच विचारलं, “मग काय लिहू? तुम्ही सांगा. तसंच लिहिते.”

त्सेतेननं खुर्ची तिच्या जवळ ओढली.

“लिहा,” तो म्हणाला, “रात्र आमची होती. आठ त्यांचे वाजले होते.”