बांध कुणी कोरला

सरकारी मोजणीत हद्दीची खूण आमच्याच उसात चार फूट आत पडली. म्हणजे शेजारच्या नाथाजीकाकांचा बांध आमीच कोरला होता.

"तुजा बा देवमाणूस म्हणं! मरता मरता बांध खाऊन गेला की रं," काका सगळ्यांसमोर बोलले. आईची मान खाली गेली.

मला ऱ्हावलं न्हाई. "आबांनी न्हाई, काका. आबा गेल्यावर ट्रॅक्टर मीच सरकवला. मुद्दाम. तुमी गावाला गेलता तवा."



मोजणीवाले साहेब म्हणाले, "पंचनाम्यात हे लिहावं लागेल, पोरा. तुझ्या नावानं."

मी बोलायच्या आत आई ताठ मानेनं पुढं आली.

"लिवा की सायेब. त्याच्या बापाच्या नावासकट लिवा."